‘द्यायला काय जातंय?’

2024 च्या जून महिन्यात ‘रिव्हाइज’ या चाचणीचे निष्कर्ष प्रसिद्ध झाले. तेव्हापासून अतिदक्षता विभागात काम करणाऱ्या आम्हा डॉक्टरांच्या बैठकांत एक वाक्य सारखं कानावर पडतं : “आता वाद संपला, पॅन सगळ्यांना द्यायचं.” पॅन म्हणजे पॅन्टोप्राझोल, जठरातलं आम्ल कमी करणारं औषध. त्याच्या मागोमाग दुसरं वाक्य येतं : “आणि समजा गरज नसली, तरी द्यायला काय जातंय?” पहिल्या वाक्यात त्या चाचणीचं अर्धवट वाचन आहे. दुसरं वाक्य चाचणीच्या कितीतरी आधीपासून चालत आलेलं आहे. दोन्हींना उत्तर द्यायला हवं, कारण त्यांच्या आधारावर आयसीयूतल्या मोजक्या रुग्णांसाठीचं एक औषध जनरल वॉर्डात उतरलं, तिथून डिस्चार्ज कार्डावर गेलं आणि आता घरोघरच्या गोळ्यांच्या डब्यात कायमचं बसलं आहे.

आधी आजाराबद्दल. अत्यवस्थ माणसाच्या पोटात व्रण होतात हे निरीक्षण जुनं आहे. थॉमस कर्लिंग या इंग्रज शल्यविशारदाने 1842 मध्ये भाजलेल्या रुग्णांच्या लहान आतड्याच्या सुरुवातीच्या भागात असे व्रण नोंदवले. 1932 मध्ये हार्वी कुशिंगने मेंदूच्या विकारांशी त्यांचा संबंध जोडला. 1969 मध्ये बॉस्टनच्या डॉक्टरांनी आयसीयूतल्या 150 रुग्णांची हकिगत प्रसिद्ध केली. त्यांच्यातल्या सात जणांना जठरातून प्रचंड रक्तस्राव झाला होता, आणि या रुग्णांमध्ये श्वसन निकामी होणं, रक्तदाब कोसळणं, जंतुसंसर्ग आणि कावीळ हे पुन्हा पुन्हा एकत्र दिसत होतं. भीती खरी होती. नाकातल्या नळीतून कॉफीच्या चोथ्यासारखा काळपट द्राव येऊ लागला, शी डांबरासारखी काळी झाली, की त्या काळी हाताशी फारसं काही नसे.

हे व्रण जास्त आम्लामुळे होतात, असा समज आमच्या काही सहकाऱ्यांच्याही मनात पक्का आहे. वस्तुस्थिती वेगळी आहे. शॉकमध्ये गेलेलं शरीर मेंदू आणि हृदय वाचवण्यासाठी पोटाचा रक्तपुरवठा आखडतं. जठराचं अस्तर उपाशी पडतं. त्यावरचा श्लेष्म्याचा आणि बायकार्बोनेटचा थर विरळ होतो, झिजलेल्या पेशींच्या जागी नव्या पेशी वेळेवर येत नाहीत. मग नेहमीइतकंच, कधी तर नेहमीपेक्षा कमी असलेलं आम्लही उघड्या अस्तराला चावतं. एंडोस्कोपीत जठराच्या वरच्या भागात लहान, उथळ, अनेक ओरखडे दिसतात ते यामुळे. अस्तराला पहिली गरज रक्ताची असते, म्हणजे वेळेवर दिलेल्या सलाईनची, नॉरॲड्रेनलिनची, जंतुसंसर्गावरच्या नेमक्या उपचारांची आणि लवकर सुरू केलेल्या नळीवाटेच्या आहाराची. आम्ल कमी करणं हा दुसऱ्या फळीतला बचाव आहे. गेल्या काही दशकांत या रक्तस्रावाचं प्रमाण घटलं, त्याचं मोठं श्रेय अतिदक्षता उपचार एकूणच सुधारले याला जातं. ‘सगळ्यांना पॅन’ म्हणणाऱ्यांच्या बोलण्यात हे श्रेय कुठेच नसतं.

“आपल्याकडे तिखट खातात, पोटात एच. पायलोरी असतोच, म्हणून भारतीय रुग्णाला जास्त गरज” हाही युक्तिवाद ऐकला आहे. एच. पायलोरी हा जठरातला जीवाणू भारतात मोठ्या प्रमाणावर आढळतो हे खरं, आणि नेहमीच्या पेप्टिक अल्सरशी त्याचं नातं बॅरी मार्शल आणि रॉबिन वॉरन यांनी उलगडलं हेही खरं. त्याबद्दल त्यांना 2005 चं नोबेलही मिळालं. पण आयसीयूतला व्रण घडतो तो शॉकच्या काही तासांत, रक्तपुरवठा तुटल्यामुळे. ठेचा-भाकरी खाणाऱ्याचं आणि वरण-भात खाणाऱ्याचं जठर शॉकमध्ये सारखंच उपाशी पडतं.

आता आकडे. या विषयावर कॅनडातल्या मॅकमास्टर विद्यापीठाच्या डेबोरा कुक यांनी तीस वर्षांहून अधिक काळ काम केलं आहे, आणि दोन्ही पक्ष त्यांचाच आधार घेतात. 1994 मध्ये त्यांच्या गटाने 2252 रुग्णांचा अभ्यास मांडला. महत्त्वाचा रक्तस्राव झाला 33 जणांना, म्हणजे दीड टक्क्याला. धोका ठरवणाऱ्या गोष्टी निघाल्या दोन : 48 तासांहून अधिक काळ व्हेंटिलेटर, आणि रक्त गोठण्यातला बिघाड. यातली एक किंवा दोन्ही असलेले 847 रुग्ण होते, त्यांपैकी 31 जणांना रक्तस्राव झाला. दोन्ही नसलेले होते 1405. त्यांच्यात रक्तस्राव झाला फक्त दोघांना.

या शेवटच्या आकड्यापाशी जरा थांबू या. 1405 पैकी दोन. औषधाने यातला प्रत्येक रक्तस्राव टाळला असता असं गृहीत धरलं, तरी एक टाळण्यासाठी सातशे जणांना औषध द्यावं लागलं असतं. आणि हे सातशे जण आयसीयूत दाखल होण्याइतके आजारी होते. जनरल वॉर्डात तापाने दाखल झालेल्या, सकाळी पोहे खाणाऱ्या रुग्णाचा धोका याहून किती कमी असेल, याचा हिशेब ज्याने त्याने करावा.

मग आली 2018 ची ‘सप-आयसीयू’ चाचणी. युरोपातल्या 33 आयसीयूंतले, धोक्याचा किमान एक घटक असलेले 3298 रुग्ण. निम्म्यांना रोज 40 मिलिग्रॅम पॅन्टोप्राझोल शिरेतून, निम्म्यांना नुसतं प्लासिबो, म्हणजे औषध नसलेलं इंजेक्शन. नव्वद दिवसांत मृत्यू पहिल्या गटात 31.1 टक्के, दुसऱ्यात 30.4 टक्के. रक्तस्राव 2.5 टक्के विरुद्ध 4.2 टक्के. औषध रक्तस्राव कमी करतं, जीव वाचवताना दिसत नाही, असा त्याचा अर्थ. त्यावर काही जणांनी “मग कुणालाच देऊ नका” असा उलट टोकाचा सूर लावला. तोही मला मान्य नव्हता. रक्तस्राव ही रुग्णासाठी आणि त्याच्या घरच्यांसाठी क्षुल्लक घटना नाही. रक्ताच्या बाटल्या, एंडोस्कोपी, आयसीयूतले वाढलेले दिवस, रक्तपेढीच्या दारात उभा राहिलेला मुलगा, हे सगळं त्यासोबत येतं. ते टाळता येत असेल तर टाळलंच पाहिजे.

‘रिव्हाइज’ने हेच अधिक ठळकपणे दाखवलं. आठ देशांतल्या 68 आयसीयूंत मिळून 4821 रुग्ण, कुक यांच्याच नेतृत्वाखाली. महत्त्वाचा रक्तस्राव पॅन्टोप्राझोलच्या गटात 1 टक्का, प्लासिबोच्या गटात 3.5 टक्के. म्हणजे चाळीस रुग्णांना औषध दिलं तर एकाचा रक्तस्राव टळतो. आयसीयूतल्या उपचारांत हा चांगला सौदा आहे. नव्वद दिवसांतले मृत्यू 29.1 आणि 30.9 टक्के, म्हणजे ठरवून सांगता येईल असा फरक नाही. न्यूमोनियाचं प्रमाण जवळजवळ सारखं.

माझा या निष्कर्षांना पूर्ण पाठिंबा आहे. विरोध आहे तो त्यातून काढल्या जाणाऱ्या ‘सगळ्यांना’ या शब्दाला. त्या 4821 जणांत व्हेंटिलेटरवर नसलेला रुग्ण एकही नव्हता. घशात नळी घालून कृत्रिम श्वास चालू असणं हीच चाचणीत शिरण्याची अट होती. आणि चाचणीचं औषध सुटीपर्यंत किंवा ‘पुढच्या भेटीपर्यंत’ चालू ठेवलेलं नव्हतं, ते व्हेंटिलेटर असेपर्यंतच द्यायचं होतं. वाद संपला म्हणणाऱ्यांनी चाचणीतून औषधाचं नाव आणि मात्रा उचलली, पण रुग्ण कोण आणि थांबायचं कधी हे दोन्ही तिथेच सोडून दिलं. एका विशिष्ट रुग्णावर, विशिष्ट दिवसांपुरता सिद्ध झालेला फायदा दुसऱ्या कुणाच्या नावावर जमा करता येत नाही. जो रुग्ण त्या चाचणीत शिरूच शकला नसता, त्याच्यासाठी ‘रिव्हाइज’ काहीही सिद्ध करत नाही.

हे किती सहज घडतं ते आमच्याकडच्या कोणत्याही आयसीयूत सकाळच्या राउंडला दिसेल. एका खाटेवर शेतीचं औषध प्यायलेला तरुण आहे. श्वासाचे स्नायू निकामी, पाचवा दिवस व्हेंटिलेटरवर, ॲट्रोपिन चालू. हा अगदी ‘रिव्हाइज’मधला रुग्ण. त्याला पॅन मिळालंच पाहिजे, आणि ते चुकलं तर मी निवासी डॉक्टरला जाब विचारेन. शेजारच्या खाटेवर घोणस चावलेली बाई आहे, रक्त गोठत नाही, हिरड्यांतून येतंय. तिलाही द्या. तिसऱ्या खाटेवर छातीत दुखतं म्हणून रात्री निरीक्षणाला ठेवलेले काका आहेत. ईसीजी ठीक, ट्रोपोनिन ठीक, चहा-बिस्किटं खाऊन वर्तमानपत्र वाचताहेत. त्यांच्याही कागदावर, तेही दिवसातून दोनदा : इंजेक्शन पॅन 40, शिरेतून. सिस्टर कुपीतली पांढरी पूड सलाईनमध्ये विरघळवतात आणि निदान दोन मिनिटं लावून सावकाश टोचतात. एका कुपीचं काम मोठं नाही, पण वीस खाटांवर, दिवसातून दोनदा, रोज. हाच वेळ व्हेंटिलेटरवरच्या मुलाचं तोंड स्वच्छ करायला, त्याची कूस बदलायला हवा असतो.

निवासी डॉक्टरला दोष देणं सोपं आहे. त्याला तसंच शिकवलं गेलं. ब्रसेल्सच्या जाँ-लुई विन्सेंट यांनी 2005 मध्ये ‘फास्ट हग’ ही आठवणीची चावी दिली : आहार, वेदनाशमन, गुंगीची औषधं, रक्ताच्या गुठळ्यांना प्रतिबंध, उशाकडची बाजू वर, व्रणप्रतिबंध, साखर. रोज प्रत्येक खाटेपाशी या सात गोष्टींचा विचार करा, असं त्यांचं सांगणं होतं. विचार करून ‘नको’ असंही ठरवता येतं. आमच्याकडे त्याचा छापील तक्ता झाला आणि तक्त्यातली चौकट रिकामी राहिली की वरिष्ठ ओरडतात. मग चौकट भरते. ‘व्रणप्रतिबंध : गरज नाही, तोंडाने जेवतात’ असं लिहिलेला तक्ता माझ्या पाहण्यात क्वचितच आला आहे. लिहायला हवा तो हाच.

आता “काय जातंय?” या प्रश्नाकडे. याचं उत्तर देताना आमच्या बाजूच्या मंडळींनीही अतिशयोक्ती केली आहे, हे कबूल केलं पाहिजे. या औषधांनी स्मृतिभ्रंश होतो, मूत्रपिंडं निकामी होतात, हाडं मोडतात अशा बातम्या निरीक्षणात्मक अभ्यासांवरून आल्या. मुळात जास्त आजारी माणसंच ही औषधं जास्त घेतात, त्यामुळे कारण कोणतं आणि परिणाम कोणता हे अशा अभ्यासातून नीट वेगळं काढता येत नाही. ‘कंपास’ या मोठ्या चाचणीत साडेसतरा हजारांहून अधिक रुग्णांना सुमारे तीन वर्षं पॅन्टोप्राझोल किंवा प्लासिबो दिलं गेलं. यातली बहुतेक भीती तिथे खरी ठरली नाही. एक गोष्ट मात्र ठरली : आतड्यांचे संसर्ग औषधाच्या गटात जास्त झाले, 1.4 टक्के विरुद्ध 1 टक्का.

हा फरक कुणाला किरकोळ वाटेल. मला वाटत नाही. जठरातलं आम्ल हे अन्नपाण्यातून येणाऱ्या जंतूंविरुद्ध शरीराचं पहिलं कुंपण आहे. टायफॉइड, कॉलरा, जुलाब या गोष्टी आपल्याकडे पुस्तकातल्या नाहीत. पावसाळ्यात नळाला गढूळ पाणी आलं की दवाखान्यात काय गर्दी होते ते महाराष्ट्रातल्या कुठल्याही तालुक्याच्या गावी पाहा. जिथे पिण्याचं पाणी भरवशाचं नाही, तिथे लाखो माणसांचं हे कुंपण वर्षानुवर्षं विनाकारण खाली ठेवण्याचं समर्थन मला करता येत नाही.

शिवाय दीर्घकाळ घेतलं तर मॅग्नेशियम उतरू शकतं, बी-12 चं शोषण घटतं. शाकाहारी माणसांत बी-12 ची कमतरता मुळातच सर्रास आढळते. क्वचित मूत्रपिंडाला ॲलर्जीसारखी सूज येते. हे वारंवार घडत नाही. पण ज्याला औषधाचा काडीचा फायदा नव्हता, त्याच्या वाट्याला आलेला क्वचित घडणारा तोटाही अन्यायाचाच. जिथे फायदा शून्य आहे तिथे ‘तोटा कमी आहे’ हा युक्तिवाद चालत नाही.

सगळ्यात मोठी किंमत वेगळीच आहे, आणि तिच्याबद्दल कुणी बोलत नाही. ही गोळी सुटत नाही. डेन्मार्कमध्ये 2009 साली 120 निरोगी, कुठलाही पोटाचा त्रास नसलेल्या माणसांवर एक प्रयोग झाला. काहींना आठ आठवडे याच वर्गातलं औषध दिलं आणि मग बंद केलं. बंद केल्यानंतरच्या आठवड्यांत औषध घेतलेल्या 44 टक्के जणांना छातीत-पोटात जळजळ, आंबट ढेकर असा त्रास झाला. प्लासिबोवाल्यांत हे प्रमाण 15 टक्के होतं. आम्ल दाबून ठेवलं की जठर ते तयार करायची क्षमता वाढवतं, आणि औषध काढलं की ते उसळून येतं. यातून काय होतं पाहा. आयसीयूत विनाकारण सुरू झालेली गोळी डिस्चार्ज कार्डावर ‘चालू ठेवा’ म्हणून येते. माणूस दोन महिन्यांनी स्वतःहून बंद करून बघतो, छातीत जळजळतं. “बघा, मला ॲसिडिटी आहेच,” म्हणून पुन्हा चालू करतो. हा आजार त्याला आम्ही दिला. त्याला ते कळतही नाही, उलट तो आमचे आभार मानतो.

इथे एक गोष्ट अगदी स्पष्टपणे सांगायची आहे, कारण अशा लेखानंतर लोक गोळी एकदम टाकून देतात. ॲस्पिरिनसोबत क्लोपिडोग्रेल घेणारे, रक्त पातळ करणारी औषधं घेणारे, पूर्वी अल्सरमधून रक्तस्राव झालेले, म्हातारपणी सांध्यांसाठी रोज वेदनाशामक घेणारे, अन्ननलिकेला आम्लामुळे जखमा झालेले, अशांपैकी अनेकांना ही गोळी खरोखर हवी असते. ती स्वतःच्या मनाने थांबवू नका. “ही मला कशासाठी दिली आहे?” एवढं डॉक्टरांना विचारा. कारण असेल तर ते एका वाक्यात सांगता येतं.

राहिला शेवटचा आणि डॉक्टरांच्या मनातला सगळ्यात खरा आक्षेप : “रक्तस्राव झाला आणि पॅन दिलेलं नसलं, तर कोर्टात मी काय सांगू?” 1995 च्या सर्वोच्च न्यायालयाच्या निकालाने वैद्यकीय सेवा ग्राहक कायद्याखाली आली, आणि तेव्हापासूनची ही भीती मी हसण्यावारी नेणार नाही. पण कोर्टात डॉक्टरला वाचवते ती नोंद. ‘व्हेंटिलेटर नाही, शॉक नाही, रक्त गोठण्याची तपासणी सामान्य, तोंडाने आहार चालू; प्रतिबंधक औषधाची गरज नाही’ ही एक ओळ विचार केल्याचा पुरावा आहे. सगळ्यांच्या कागदावर छापल्यासारखं ‘पॅन 40’ लिहिणं हा विचार न केल्याचा पुरावा आहे. अमेरिकेतल्या क्रिटिकल केअर मेडिसिन सोसायटीची 2024 ची मार्गदर्शिकाही धोक्याचे घटक नावानिशी सांगते : शॉक, रक्त गोठण्यातला बिघाड, यकृताचा जुनाट आजार. धोका सरला की औषध थांबवा आणि आयसीयूतून बाहेर हलवण्याआधी थांबवा, असंही त्यात आहे. सरसकट देणाऱ्याला तिचा आधार मिळणार नाही.

काही जागा खरोखर अवघड आहेत. डेंग्यूत प्लेटलेट्स तीस हजारांवर आलेल्या, पण जेवणाऱ्या-खाणाऱ्या मुलीला द्यायचं का? कुकच्या 1994 च्या व्याख्येत प्लेटलेट्स पन्नास हजारांखाली म्हणजे रक्त गोठण्यातला बिघाड, पण तो अभ्यास डेंग्यूच्या वॉर्डातला नव्हता. इथे दोन शहाणे डॉक्टर दोन वेगळे निर्णय घेतील आणि दोघांचंही चुकलं असं मी म्हणणार नाही. अतिशय गंभीर रुग्णांच्या एका उपगटात ‘सप-आयसीयू’मध्ये औषधाच्या बाजूला मृत्यू थोडे जास्त दिसले होते. तो संशय अजून सिद्ध झालेला नाही, आणि त्यावरून औषध अडवून ठेवणं मला पटत नाही. तारतम्याला जागा आहे ती अशा ठिकाणी. काकांच्या खाटेपाशी तारतम्याचा प्रश्नच उद्भवत नाही.

मागणी फार मोठी नाही. आयसीयूत पॅन लिहिताना त्याच ओळीत कारण लिहा, आणि ते कारण संपेल तो दिवस हा थांबण्याचा दिवस धरा. नळीवाटे आहार नीट चालू झाला की रोज पुन्हा विचारा, अजून शिरेतून कशासाठी? पॅन्टोप्राझोलच्या गोळीवर आम्लापासून वाचवणारं वेष्टन असतं, ती खलात कुटून नाकातल्या नळीतून घातली तर औषध जठरातच वाया जातं, हे सिस्टरांना आणि निवासी डॉक्टरांना सांगा. सध्या सर्रास कुटली जाते. रुग्ण वॉर्डात जाताना हस्तांतराच्या कागदावर ‘पॅन बंद केले’ असं ठळक लिहा, कारण न लिहिलेलं औषध पुढचा डॉक्टर पुन्हा सुरू करतो. शेतीचं औषध प्यायलेल्या त्या तरुणाची नळी आठव्या दिवशी निघाली आणि तो स्वतःच्या हाताने पेज प्यायला लागला, तर त्याची पॅनची कुपी आठव्या दिवशीच बंद झाली पाहिजे. ‘सगळ्यांना द्या’ म्हणणाऱ्यांनी ‘रिव्हाइज’ शेवटपर्यंत वाचली असेल, तर या एका गोष्टीवर तरी आमच्यात मतभेद व्हायला नकोत.